किनुयो तानाका : मिझोगुचीच्या आधीची सोळा वर्षे

आरसेमहाल :

किनुयो तानाका या जपानी अभिनेत्रीचे नाव निघाले की आपल्याकडचे चित्रपटरसिक बहुधा १९५२च्या 'ओहारू'पासून बोलायला सुरुवात करतात. दिग्दर्शक केन्जी मिझोगुचीचा तो चित्रपट, पाठोपाठ 'उगेत्सु मोनोगातारी' आणि 'सान्शो दायू', मग तिने स्वतः दिग्दर्शित केलेले सहा चित्रपट, आणि शेवटी 'सान्दाकान'मधल्या वृद्धेच्या भूमिकेसाठी १९७५मध्ये बर्लिनला मिळालेला अभिनयाचा पुरस्कार, असा तो क्रम ठरून गेलेला आहे. ओहारू पडद्यावर आली तेव्हा तानाका बेचाळीस वर्षांची होती आणि तिच्यामागे अठ्ठावीस वर्षांचे काम होते. त्यातला पहिला भाग, म्हणजे १९२४ साली ती शोचिकू या चित्रपटकंपनीत दाखल झाली तेव्हापासून १९४० साली मिझोगुचीबरोबर तिने पहिला चित्रपट केला तोपर्यंतचा, बहुतेक लेखांत दोन-चार ओळींत उरकला जातो. माझे म्हणणे असे आहे की जपानी प्रेक्षकांनी ज्या तानाकाला डोक्यावर घेतले ती याच सोळा वर्षांत घडली, आणि त्या काळातली म्हणून आज आपल्याला जी तानाका पाहायला मिळते ती त्यांची तानाका नव्हेच. धागा काढण्याचे कारण एवढेच.

तिचा जन्म १९०९ साली शिमोनोसेकीला झाला. ती अगदी लहान असतानाच वडील वारले, घरची स्थिती खालावली आणि कुटुंब ओसाकाला आले. तिथे ती बिवा हे तंतुवाद्य शिकली आणि मुलींच्या एका बिवा-संगीतिका मंडळीत रंगमंचावर उभी राहू लागली. जपानी पडद्यावरच्या स्त्रीभूमिका १९१०च्या दशकाच्या अखेरीपर्यंत प्रामुख्याने ओयामा, म्हणजे काबुकीच्या परंपरेतले स्त्रीवेषधारी नट, करत असत. शोचिकूने १९२०मध्ये चित्रपटनिर्मितीत उतरताना स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच करायच्या असे धोरण ठेवले, आणि १९२१मध्ये पडद्यावर आलेली सुमिको कुरिशिमा ही त्या धोरणातून निघालेली पहिली मोठी तारका. तानाका आली तेव्हा चित्रपट-अभिनेत्री हा व्यवसायच जेमतेम चार-पाच वर्षांचा होता, ही गोष्ट लक्षात ठेवली पाहिजे, कारण तिच्यापुढे गिरवायला कित्ता असा नव्हताच.

१ सप्टेंबर १९२३च्या कान्तो भूकंपाने तोक्योतले चित्रीकरण ठप्प झाले आणि शोचिकूने आपला कामाता स्टुडिओ तात्पुरता बंद करून माणसे क्योतोला, शिमोकामो स्टुडिओत, हलवली. क्योतो ओसाकापासून हाकेच्या अंतरावर आहे. भूकंप झाला नसता तर ओसाकातल्या गरीब घरातली चौदा वर्षांची मुलगी सिनेमापर्यंत इतक्या लवकर पोचली असती असे मला वाटत नाही. १९२४मध्ये होतेइ नोमुराच्या 'गेनरोकु ओन्ना'मध्ये ती पहिल्यांदा दिसली, त्याच वर्षी हिरोशी शिमिझुच्या 'मुरा नो बोकुजो'त तिला मोठी भूमिका मिळाली, आणि पुढच्या वर्षी ती कामाताला गेली.

कामाताची सूत्रे तेव्हा नुकतीच शिरो किदोकडे आली होती. तलवारबाजी आणि भडक शोकनाट्य यांच्याऐवजी शहरातल्या मध्यम आणि कनिष्ठ मध्यमवर्गाची साधी गोष्ट, थोडे हसू आणि थोडे डोळ्यांत पाणी, हा त्याचा आग्रह होता. या प्रकाराला पुढे 'कामाता शैली' असेच म्हणू लागले. या शैलीला कुरिशिमासारखी शालीन, चित्रातून उतरल्यासारखी सुंदरी फार काळ पुरणार नव्हती. तिला पावाच्या दुकानात बसणारी, ट्रामची वाट पाहणारी, नवऱ्याच्या फाटलेल्या मोज्याकडे पाहून तोंड वाकडे करणारी मुलगी हवी होती. तानाका बुटकी होती, चेहरा गोल होता, आणि सौंदर्याच्या प्रचलित मापात ती पहिल्या ओळीत बसणारी नव्हती. तिचे यश किदोच्या या गरजेत आहे, आणि ते यश टिकले ते तिच्या चिकाटीमुळे. हेइनोसुके गोशोच्या १९२७मधल्या 'हाझुकाशी युमे'ने ती नजरेत भरली. त्याच वर्षी तिने शिमिझुबरोबर संसार मांडला आणि तो १९२९मध्ये मोडला; त्यानंतर तिने पुन्हा लग्न केले नाही. शिमिझुचा उल्लेख इथे कुचाळक्यांसाठी केलेला नाही, कारण त्याचा धागा पुढे १९४१मध्ये पुन्हा तिच्या कामाशी येऊन जुळतो.

१९३० साली गोशोने 'किनुयो मोनोगातारी' काढला आणि १९४०मध्ये 'किनुयो नो हात्सुकोई' आला. नटीचे खरे नाव थेट चित्रपटाच्या शीर्षकात घालणे हे कंपनीला तिच्या नावावर तिकिटे विकली जाण्याची किती खात्री होती याचे द्योतक आहे. या दोहोंच्या मधल्या काळात १९३१चा बोलपट, १९३३ची इझुची नर्तकी, १९३५ची ओकोतो आणि १९३८चा 'आइझेन कात्सुरा' नावाचा वणवा. त्यांतल्या प्रत्येकावर जाणकारांनी लिहावे अशी विनंती आहे.

खडूफळा :

धागा उत्तम आहे, पण मुख्य मुद्द्याशी मी सहमत नाही. तुम्ही ज्याला घडण म्हणता ती मला पुनरावृत्ती वाटते. शोचिकूने एक मुलगी शोधली, ती खपते हे पाहिले, आणि तीच मुलगी पंधरा वर्षे वेगवेगळ्या किमोनोंत विकली. शीर्षकात 'किनुयो' घालणे हा तर त्याचा कळस आहे, कारण तिथे पात्राला स्वतःचे नावसुद्धा उरत नाही. तिने आयुष्यात अडीचशेच्या आसपास चित्रपट केले असे म्हणतात, आणि त्यांतले बहुसंख्य या कारखान्याच्या काळातले आहेत. एवढ्या वेगाने काम करणाऱ्या नटीला भूमिकेचा विचार करायला वेळ तरी कुठून मिळणार?

याउलट 'नानिवा ओन्ना'ची हकीकत पाहा. मिझोगुची १९४०मध्ये तिच्याबरोबर बुनराकु बाहुलीनाट्याच्या जगावर चित्रपट करायला बसला तेव्हा त्याने तिच्यापुढे संदर्भग्रंथांचा ढीग ठेवला आणि ते वाचून यायला सांगितले. तिने ते वाचले. सोळा वर्षांत तिच्याकडे अभ्यास मागणारा दिग्दर्शक तिला पहिल्यांदा भेटला, असे म्हणणे मला अतिशयोक्तीचे वाटत नाही. म्हणून ओहारूपासून सुरुवात करणाऱ्यांना मी दोष देणार नाही.

निळावंती :

खडूफळा, अभ्यास पुस्तकांतूनच होतो असे कुठे आहे? १९३१चा 'मादामु तो न्योबो' पाहा, म्हणजे तिच्यावर केवढी कामगिरी सोपवली होती ते कळेल.

जपानमध्ये ध्वनीचे प्रयोग १९२०च्या दशकातच सुरू झाले होते आणि खुद्द मिझोगुचीने १९३०मध्ये 'फुरुसातो' हा अर्धवट बोलणारा चित्रपट केला होता, पण ते प्रयोग लोकांना रुचले नव्हते. शोचिकूने त्सुचिहाशी बंधूंनी देशातच तयार केलेली ध्वनियंत्रणा घेतली आणि गोशोला तिच्यावर पूर्ण लांबीचा बोलपट करायला सांगितले. तो ऑगस्ट १९३१मध्ये लागला आणि 'किनेमा जुन्पो' या चित्रपट-नियतकालिकाच्या त्या वर्षीच्या यादीत पहिला आला. गोष्ट अगदी लहान आहे. एक नाटककार उपनगरात घर घेतो, कारण त्याला शांतपणे नाटक लिहून पुरे करायचे असते. मग मांजरे, उंदीर, रडणारे मूल आणि शेजारच्या घरातले जाझ त्याला एक ओळ लिहू देत नाहीत. तक्रार करायला तो शेजारी जातो आणि तिथल्या आधुनिक 'मादाम'च्या संगतीत रमून परत येतो. तानाका त्याची बायको आहे.

आवाज नंतर जोडण्याची सोय नव्हती. संवाद, गाणे, वाद्यवृंद, सगळे चित्रीकरणाच्या वेळीच ध्वनिमुद्रित करावे लागे. वादक चौकटीच्या बाहेर बसत आणि एकाच प्रसंगावर अनेक कॅमेरे लावले जात, कारण प्रसंग मध्येच तोडला तर आवाज तुटे. मूकपटात सात वर्षे काढलेल्या नटीने या परिस्थितीत जे केले ते असे, की ती नाटकासारखी बोललीच नाही. 'आनाता' अशी नवऱ्याला मारलेली तिची हाक, थोडी लाडिक, थोडी कुरकुरी, झोपेतल्यासारखी लांबवलेली, त्या काळी फार गाजली. त्यात थोडी पश्चिम जपानच्या बोलीची छटा होती आणि ती कुणाला खटकली नाही. अनेक नटनट्या बोलपट आल्यावर उच्चारांच्या भीतीने गारठल्या असताना तिने हे साधले. मत्सर, भूक, कंटाळा आणि प्रेम एकाच घरगुती सुरात बसवायचे कसब तिच्याकडे होते, आणि ते कुठल्या दिग्दर्शकाने शिकवलेले दिसत नाही. मला तर वाटते की बिवाच्या साथीने कथा गाऊन सांगण्याच्या तालमीचा यात मोठा वाटा असावा, पण हा माझा तर्क आहे.

शेवटी दोघे मूल गाडीत घालून फिरायला निघतात, वर विमानाची घरघर ऐकू येते आणि 'माझे निळे आकाश' हे अमेरिकी गाणे जपानीत वाजते. ते दृश्य आज जुने वाटत नाही.

दूरचा प्रवासी :

मी दिग्दर्शक यासुजिरो ओझूच्या मार्गाने तानाकापाशी आलो, त्यामुळे माझी बाजू जरा वेगळी आहे. १९३३च्या 'हिजोसेन नो ओन्ना'त ती तोकिको आहे : दिवसा कचेरीत टंकलेखिका, रात्री एका माजी मुष्टियोद्ध्याची, जोजीची, साथीदार. कंपनीच्या मालकाचा मुलगा तिच्यामागे लागलेला असतो आणि ती त्याच्या भेटवस्तू निर्विकारपणे घेते. जोजीच्या टोळीत एक कोवळा विद्यार्थी शिरतो, त्याची बहीण ग्रामोफोनच्या तबकड्यांच्या दुकानात काम करते, आणि जोजी तिच्याकडे ओढला जातो. तोकिको पिस्तूल घेऊन त्या मुलीला धमकवायला जाते आणि तिच्या साधेपणाने इतकी विरघळते की तिचे चुंबन घेऊन परत येते. अखेरीस पळून जाण्याऐवजी पकडले जाऊन शिक्षा भोगू या म्हणून ती जोजीच्या पायावर गोळी झाडते.

वाचायला हे सगळे जबरदस्त आहे, पण पडद्यावर मला ती गुंडाची साथीदार वाटतच नाही. घट्ट पाश्चात्त्य पोशाखात ती शाळेच्या स्नेहसंमेलनात मोठ्या बहिणीचे कपडे घालून आलेल्या मुलीसारखी दिसते. ओझूला तेव्हा अमेरिकी गुन्हेपटांचे वेड होते, आणि त्या वेडात त्याने कंपनीची सर्वांत घरगुती नायिका सर्वांत अ-घरगुती भूमिकेत घातली. खडूफळा म्हणतात त्याप्रमाणे तिची चौकट आधीच ठरलेली होती, आणि ती मोडायचा प्रयत्न फसला, असे माझे मत आहे.

आरसेमहाल :

प्रवासी, तुमच्या प्रतिसादातच माझ्या मुद्द्याचे उत्तर दडलेले आहे. 'हिजोसेन नो ओन्ना' आज सहज पाहायला मिळतो म्हणून आपण त्यावरून तिला जोखतो. ओझूचे बरेच मूकपट टिकले, आणि पुढे ओझू जगभर पूजला गेल्यामुळे ते पुन्हा पुन्हा दाखवलेही गेले. पण ओझूच्या चित्रपटांत तानाका फारशी मध्यभागी नाहीच. १९३०च्या 'राकुदाई वा शिता केरेदो'त ती विद्यार्थ्यांच्या वसतिगृहासमोरच्या उपाहारगृहातली मुलगी आहे. १९३२च्या 'सेइशुन नो युमे इमा इझुको'त पुन्हा पावाच्या दुकानातली, चार मित्रांच्या मैत्रीत अडकलेली मुलगी आहे. १९३३च्याच 'तोक्यो नो ओन्ना'त खरी नायिका योशिको ओकादा आहे. धाकट्या भावाच्या शिक्षणासाठी रात्री वेगळाच व्यवसाय करणाऱ्या बहिणीची ती भूमिका आहे. तानाका त्या भावाची प्रेयसी आहे, आणि तिच्या तोंडून बातमी कळल्यावर तो आत्महत्या करतो. १९२९च्या 'दाइगाकु वा देता केरेदो'त बेकार नवऱ्याला न सांगता कॅफेत नोकरी धरणाऱ्या बायकोची चांगली भूमिका तिला होती, तर त्या चित्रपटाची आज दहा-बारा मिनिटेच उरली आहेत.

तिला कीर्ती दिली ती गोशो, शिमाझु आणि हिरोमासा नोमुरा या दिग्दर्शकांनी. त्यांच्या चित्रपटांचे काय झाले ते पाहा. तिचा पहिला चित्रपट आज उरलेला नाही, 'हाझुकाशी युमे' उरलेला नाही, आणि विसाव्या शतकाच्या दुसऱ्या-तिसऱ्या दशकांतल्या जपानी मूकपटांपैकी फारच थोडे शिल्लक आहेत. नायट्रेटची फीत पेट घेणारी असते, युद्धातल्या हवाई हल्ल्यांत गोदामे जळली, आणि बोलपट आल्यावर मूकपटांच्या प्रती सांभाळण्यात कंपन्यांना रसही उरला नव्हता. शिवाय 'नानिवा ओन्ना'ही हरवलेला आहे. खडूफळा ज्या चित्रपटाला तिच्या जीवनातले वळण मानतात तो आपल्यापैकी कुणीच पाहिलेला नाही, पाहणे शक्यही नाही. आपण वाचतो आहोत ती फक्त पुस्तकांच्या ढिगाची आख्यायिका.

वडाची पारंबी :

एक शंका आहे. १९३१मध्ये तिचा बोलपट एवढा गाजला, तर १९३३मध्ये ती पुन्हा मूकपटात कशी? 'हिजोसेन'ही मूकपट, 'इझु नो ओदोरिको'ही मूकपट. आवाज हेच तिचे बळ असेल तर कंपनीने ते दोन वर्षांनी बाजूला का ठेवले?

निळावंती :

पारंबी, याची कारणे दोन. चित्रपटगृहांत ध्वनियंत्रणा बसवणे खर्चाचे होते आणि लहान गावांतली गृहे त्यासाठी तयार नव्हती. त्याहून मोठे कारण म्हणजे बेन्शी. पडद्याशेजारी उभे राहून सगळ्या पात्रांचे संवाद बोलणारे आणि गोष्ट रंगवून सांगणारे हे कथनकार जपानमध्ये स्वतःच तारे होते, कित्येकदा नटांपेक्षा मोठे. लोक चित्रपटाइतकेच बेन्शीलाही ऐकायला जात. बोलपटाने त्यांची भाकरी हिरावली जाणार होती आणि १९३२मध्ये त्यांचे संपही झाले. त्यामुळे अमेरिकेत जो बदल दोन-तीन वर्षांत उरकला तो जपानमध्ये १९३५-३६पर्यंत रेंगाळला. कामाताच्या आसपास कारखाने होते आणि त्यांच्या आवाजात ध्वनिमुद्रण अवघड जाई, हीसुद्धा अडचण होती; अखेर जानेवारी १९३६मध्ये शोचिकूने स्टुडिओच ओफुनाला हलवला.

याचा एक गमतीदार परिणाम असा, की १९३१ ते १९३५ या काळात तानाकाला दोन्ही प्रकारचा अभिनय आलटून पालटून करावा लागला. मूकपटात तिचा आवाज बेन्शी देणार, म्हणजे कदाचित एखादा चाळिशीतला पुरुष, आणि पुढच्या बोलपटात ती स्वतः. 'इझु नो ओदोरिको' म्हणजे कावाबाताची कथा, गोशोने तिला बरीच उपकथानके जोडली, पण फिरत्या नाटकमंडळीतल्या कोवळ्या नर्तकीचे काम तानाकाने पंचविशीच्या उंबरठ्यावर असताना केले आणि ते खोटे वाटत नाही. निरोपाच्या प्रसंगात ती धक्क्यावर उभी असते, तेव्हा काहीच न करता उभे राहणे किती अवघड असते ते कळते.

खडूफळा :

जे चित्रपट हरवले त्यांच्या आधारे तिला मोठी ठरवायचे आणि जे उरले त्यांना अपवाद म्हणायचे, हा युक्तिवाद सोयीचा आहे. ठीक, उरलेल्यांपैकीच तुमचा सर्वांत लोकप्रिय चित्रपट घेऊ. 'आइझेन कात्सुरा' १९३८मध्ये आला, मात्सुतारो कावागुचीच्या कादंबरीवरून. तानाका विधवा परिचारिका, तिला एक लहान मुलगी आहे, आणि रुग्णालयात परिचारिका अविवाहित असाव्यात म्हणून ती मूल लपवते. रुग्णालयाच्या मालकाचा डॉक्टर मुलगा, म्हणजे केन उएहारा, तिच्या प्रेमात पडतो. कात्सुराच्या झाडाला हात लावून शपथ घेणारे प्रेमिक एक ना एक दिवस एकत्र येतात, अशी श्रद्धा. दोघे क्योतोला पळून जायचे ठरवतात, त्याच रात्री मुलीला गोवर येतो, आणि ती शिम्बाशी स्थानकात धावत पोचते तेव्हा गाडी सुटलेली असते. मग चुकामुकींची माळ, पुढचा भाग, त्याच्याही पुढचा भाग. शेवटी ती गाणी रचते आणि परिचारिकेच्याच गणवेशात रंगमंचावर गाते. याला अभिनयाची पराकाष्ठा म्हणायचे असेल तर माझी हरकत आहे.

एक मात्र मान्य करतो. शिमाझुच्या १९३५च्या 'ओकोतो तो सासुके'त ती मला पूर्ण वेगळी वाटली. तानिझाकीच्या कथेतली ती अंध संगीतशिक्षिका, दोशोमाचीच्या औषधव्यापाऱ्याची लाडावलेली, क्रूर, रूपगर्विता लेक. आणि तिचा चेहरा विद्रूप झालेला दिसू नये म्हणून स्वतःच्या डोळ्यांत सुई खुपसून घेणारा नोकर. या भूमिकेत तानाका कुठेही गोड होत नाही. ओसाकाची बोली तिच्या लहानपणापासून कानावरची होती, त्यामुळे हुकूम सोडतानाचा तिचा स्वर खास व्यापारी घरातला वाटतो.

वडाची पारंबी :

'आइझेन कात्सुरा'बद्दल इतके तुच्छतेने बोलू नये. १९३७च्या जुलैत चीनशी युद्ध पेटले होते, घरोघरचे पुरुष आघाडीवर जात होते, आणि सरकारला पडद्यावर त्यागी माता आणि शूर जवान हवे होते. अशा वेळी मूल असलेल्या विधवेने पुन्हा प्रेम करावे आणि प्रेक्षकांनी तिच्या बाजूने रडावे, ही साधी गोष्ट नाही. चित्रपटगृहांत बायकांची गर्दी उसळली आणि 'ताबी नो योकाझे' हे त्यातले गाणे देशभर घराघरांत पोचले. १९३९मध्ये चित्रपटांवर सरकारी नियंत्रण आणणारा चित्रपट कायदा आला आणि त्यानंतर अशा गोष्टींना जागाच उरली नाही. मूळ भाग आज पूर्ण स्वरूपात नाहीत, जोडून केलेली संक्षिप्त प्रत तेवढी आहे. त्या प्रतीत चुकामुका एकामागून एक कोसळतात आणि मधली शांत दृश्ये गेलेली असणार, म्हणून तो अधिकच भडक भासतो. तरीही सहलीच्या प्रसंगात ती सहकारी परिचारिकांना मुलीबद्दल सांगते ते पाहा. ती रडत नाही, कारणे देत नाही, हकीकत सांगितल्यासारखे सांगते, आणि समोरच्या मुली एकेक करून विरघळतात.

दुसरे असे, की तिच्या समकालीन नट्यांनी काय केले तेही पाहायला हवे. ताकाको इरिएने १९३२मध्ये स्वतःची निर्मितीसंस्था काढली आणि मिझोगुचीचा 'ताकी नो शिराइतो' त्याच संस्थेतून १९३३मध्ये आला. इसुझु यामादाने १९३६मध्ये 'नानिवा एलेजी' आणि 'गिओन नो क्योदाई' या दोन चित्रपटांत जी धारदार स्त्री उभी केली तिच्याजवळपास तेव्हाची तानाका जात नाही. योशिको ओकादा तर जानेवारी १९३८मध्ये प्रियकराबरोबर साखालिनची सीमा ओलांडून सोव्हिएत संघात निघून गेली. या सगळ्यांत तानाका एकटीच आपल्या कंपनीला चिकटून राहिली. यात सुरक्षितता होती, आणि खडूफळा म्हणतात ती चौकटही होती. आरसेमहाल, यावर तुमचे काय म्हणणे आहे?

आरसेमहाल :

चिकटून राहिली हे खरे आहे, आणि त्याची किंमतही तिने मोजली. यामादाच्या त्या दोन भूमिकांसमोर ठेवता येईल असे तिचे १९३६मधले काही माझ्या डोळ्यांसमोर येत नाही. पण तिच्यावर विधवा आई, भावंडे यांच्या संसाराचा भार होता आणि महिन्याचा पगार सोडून संस्था काढण्याचे धाडस सरदार घराण्यात जन्मलेल्या इरिएला जितके परवडणारे होते तितके हिला नव्हते. हा फरक समीक्षेत येत नाही, पण भूमिकांच्या निवडीवर त्याचा परिणाम होतोच.

कंपनीत राहून मिळालेली एक गोष्ट मात्र कुठल्याही स्वतंत्र नटीला मिळाली नसती, ती म्हणजे १९४१चा शिमिझुचा 'कान्झाशी'. डोंगरातल्या गरम पाण्याच्या झऱ्याकाठचे एक विश्रामगृह, उन्हाळ्यातले पाहुणे, आणि आंघोळीच्या कुंडात पडलेली केसातली पिन पायात घुसून जखमी झालेला सैनिक, म्हणजे चिशू र्‍यू. पिन जिची आहे ती एमी माफी मागायला तोक्योहून येते आणि परत जातच नाही. ती कुणाच्या तरी आश्रयाने राहणारी बाई आहे आणि त्या आयुष्यातून तिला सुटायचे आहे, हे हळूहळू उलगडते. सैनिकाला पुन्हा चालायला शिकवणे हेच तिचे त्या उन्हाळ्याचे काम होते : आज झाडापर्यंत, उद्या ओढ्यावरच्या फळ्यांच्या पुलावरून पलीकडे, मग देवळाच्या पायऱ्या. मुले शेजारी ओरडून पावले मोजत असतात. पायऱ्या चढता आल्या की तो बरा झाला, आणि बरा झाला की तो तोक्योला जाणार, हे तिला ठाऊक असते. प्रत्येक पावलाला ती आनंदाने टाळी वाजवते आणि प्रत्येक पावलाबरोबर तिचे नुकसान होत असते. पंधरा वर्षांची 'गोड मुलगी' इथे उपयोगी पडते, कारण त्या गोडव्याच्या मागे काय चालले आहे ते सांगायला तिला एकही वाक्य दिलेले नाही.

आणि हे दिग्दर्शित करणारा माणूस तिचा पूर्वीचा नवरा होता. त्याने तिला संदर्भग्रंथ दिल्याचे कुठे वाचलेले नाही. तो पटकथाही जुजबी ठेवून जागेवर चित्रीकरण करण्यासाठी प्रसिद्ध होता. खडूफळा, मिझोगुचीने तिच्यात काही नवे घातले असेल तर ते शोधण्यासाठी 'कान्झाशी'शेजारी मिझोगुचीचा १९४७चा 'जोयू सुमाको नो कोई' ठेवून पाहा, कारण 'नानिवा ओन्ना'ची प्रत नसताना तो तरी पाहता येतो, आणि तो एका अभिनेत्रीविषयीच आहे. किनोशिताचा १९४४चा 'रिकुगुन' मी मुद्दाम या धाग्यात आणत नाही. आघाडीवर निघालेल्या मुलामागे धावणारी ती आई, आणि त्या शेवटामुळे लष्कराची झालेली नाराजी, यांसाठी वेगळा धागा लागेल.

दूरचा प्रवासी :

'कान्झाशी' पाहिला. 'हिजोसेन'बद्दलचे माझे मत बदललेले नाही, तोकिकोची भूमिका तिला नकोच होती. पण शिमिझुच्या चित्रपटात पुलावर सैनिकाला पाठुंगळी घेण्याच्या प्रसंगात आणि तोकिकोने त्या मुलीला पिस्तूल दाखवण्याच्या प्रसंगात ती एकच गोष्ट करते, असे लक्षात आले : आधी ठरवून आलेला चेहरा समोरच्या माणसाकडे पाहता पाहता गळून जातो. ओझूने तिला ते करायला लावले तेव्हा ती तेवीस वर्षांची होती. गोशोचा १९३५चा 'जिन्सेई नो ओनिमोत्सु' यानंतर पाहणार आहे; त्यात ती तीन मुलींपैकी एक आहे आणि भूमिका छोटी आहे, तरी तिथेही हेच दिसते का ते इथे कळवतो.